थॅडचा सूर

अ‍ॅन्सल स्टॉलवर्थला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी त्याच्या स्मृतिदिनाचं जेवण हेस्टर एकटीच रांधायची आणि त्या दिवशी पोटच्या मुलींनाही चुलीजवळ फिरकू द्यायची नाही. यंदा मात्र चर्चमधून आल्या आल्या तिने वर्लीनला आत बोलावलं, तिच्यापुढे कोलार्डच्या पाल्याचा ढीग ठेवला आणि दार लोटून घेतलं. वर्लीन काय ते समजली. आईला पाला निवडून नको होता, बातमी हवी होती.

“न्यूयॉर्कला काय झालं?” हेस्टरने कोंबडीवरचं झाकण उचलता उचलता विचारलं.

तालीम झाली, एवढंच वर्लीन म्हणाली.

“तालीम झाली ते मला थॅडने सांगितलं. तो खुशीत आहे. लॉनी तिथून परत आल्यापासून धड जेवला नाही, ओडेसा टेलिफोनवर कुजबुजते, आणि तू माझ्याकडे बघत नाहीस. घरात तिघं गप्प आणि एक खुशीत असला, की त्या एकाला काहीतरी सांगायचं राहिलेलं असतं.”

वर्लीन पानांचे देठ मोडत राहिली. आईपासून काही लपवणं तिला लहानपणीही जमलं नव्हतं आणि आता चाळिशीला टेकल्यावर जमेल अशी आशा नव्हती. पण सांगायचं कुठून, हा प्रश्न होता. जे सांगायचं ते घडून गेलेलं नव्हतं, दोन वर्षं रोज घडतच होतं.

स्टॉलवर्थ भावंडांचं गाणं सबंध पिट्सबर्गला ठाऊक होतं. तळाचा खर्ज थॅडियसचा, सगळ्यांत वरचा सूर ओडेसाचा, तिच्या खालचा धाकट्या लॉनीचा, आणि लॉनी नि थॅड यांच्यामधला आतला सूर वर्लीनचा. हा आतला सूर मोठा विचित्र. ऐकणाऱ्याला तो कधी वेगळा ऐकू येत नाही, आणि काढून घेतला तर काय गेलं तेही नीट सांगता येत नाही. कार्यक्रम संपल्यावर लोक ओडेसाच्या सहीसाठी रांग लावत आणि वर्लीनला विचारत, “तुम्हीही त्यांच्याबरोबरच असता का?” एका क्लबवाल्याने एकदा तिला एकटीला गायला बोलावलं होतं. ती घरी येऊन म्हणाली, एकटीने गायचं म्हणजे आत असायचं तरी कशाच्या, आणि विषय संपला.

या घराची एक रीत होती, ती बापाने घालून दिलेली. सूर पियानोवरून घ्यायचा नाही. “पियानो लोकांचा, भाऊ घरचा,” असं चर्चचा डीकन असलेला अ‍ॅन्सल म्हणायचा. थोरला थॅड ओठ मिटून सूर धरायचा आणि बाकीची तिघं त्याच्यावर आपापले सूर रचायची. कुणाचं थॅडशी जुळलं नाही, तर चूक त्याची, थॅडची नव्हे. चौघांचं बालपण या एका नियमात गेलं, आणि चर्चमधून वायली अ‍ॅव्हेन्यूच्या क्लबांत, क्लबांतून रेडिओवर गेल्यावरही नियम तोच राहिला.

बाप गेल्यावर धाकट्यांना वाढवायला थॅड पोलाद कारखान्यात लागला. बॉयलरच्या पत्र्यांवर रिव्हेट ठोकायच्या खात्यात, दिवसभर हातोड्यांच्या मध्ये. संध्याकाळी अंघोळ करून तो गायला यायचा. गाण्यावर घर चालायला लागलं तेव्हा त्याने कारखाना सोडला, पण तोवर कारखान्याने घ्यायचं ते घेतलं होतं. पहिल्या ओळीला त्याचा सूर जागेवर असायचा. गाणं पुढे सरकलं की हळूहळू उतरायचा, केसभर, मग आणखी केसभर. आणि लहानपणापासून शिकवलेले तीन गळे त्याच्यामागे निमूट उतरायचे. चौघं मिळून खाली गेले की चौघांचं आपसात गोडच लागतं. उघडं पडायचं ते मध्येच पियानो वाजला की. मग पियानोवाला बदलायचा. असे बरेच पियानोवाले झाले. शेवटी पियानोच नको असं ठरलं आणि नुसता ढोल नि म्हातारा वेंडेलचा बेस उरला. वेंडेल तारेवरचं बोट गुपचूप थोडं सरकवायचा आणि तोंडातून शब्द काढायचा नाही. वर्तमानपत्रांनी लिहिलं, पियानोशिवाय गायची काय नवी तऱ्हा काढलीय या भावंडांनी. ते कात्रण थॅडने चौकटीत लावलं.

आत उभ्या असलेल्या वर्लीनला हे सगळ्यांत आधी कळलं होतं. तिने काय केलं, तर आपला सूर किंचित वर रेटायचा, म्हणजे वरची दोघं फार खाली जाणार नाहीत, आणि थॅडच्या बाजूने तो जरा जाड करायचा, म्हणजे त्याचं उतरणं झाकलं जाईल. दोन वर्षं तिने हे केलं. रात्री घोट गिळताना गळा दुखायचा.

आता मोठी रेकॉर्ड निघायची होती. भरगच्च बँड, ट्रंपेट, ट्रॉम्बोन, पियानो, सगळं. बँडचा मुख्य होलबर्ग याने तालमीत तीनदा गाणं थांबवलं, बाकीच्यांना कॉफीला पाठवलं आणि वर्लीनला थांबवून घेतलं. माणूस वाईट नव्हता. तुमच्या भावाला ऐकू येत नाही आणि तुम्हाला ते ठाऊक आहे, असं तो म्हणाला. मंगळवारी रेकॉर्डिंग, त्याच्या आत घरच्याच कुणीतरी त्याला सांगावं. नाहीतर मला सांगावं लागेल, आणि सांगावं लागेल ते सगळ्या वादकांच्या देखत.

हे सगळं वर्लीनने आईला सांगितलं. मधूनमधून अडखळत, पण सांगितलं. हेस्टर कोंबडी परतत होती, ती परततच राहिली. तिला धक्का बसला नाही हे वर्लीनच्या जरा उशिराच ध्यानात आलं.

“तुला माहीत होतं,” ती म्हणाली.

“मी हाक मारली की तो मान फिरवून उजवा कान पुढे करतो. आईला कळायला गाणं कशाला यावं लागतं?” हेस्टर म्हणाली. “आणि ते कान गेले कुणासाठी, ते मी तुला सांगायला नको.”

नको, असं वर्लीन म्हणाली. पण मंगळवारी काय करायचं ते तरी सांग. ट्रंपेट वेंडेलसारखे सरकत नाहीत. त्यांच्यासमोर मला नाही झाकता येणार.

हेस्टरने चमचा खाली ठेवला. “चर्चवाल्यांनी तुझ्या बापाच्या हातून गायकवृंद काढून घेतला तेव्हा तू लहान होतीस. मी बघितलंय. त्या खिडकीत बसला आणि वर्ष काढलं नाही त्याने. हे पोरगं माझ्याआधी जायचं नाही. इतके दिवस सांभाळलंस, तसंच सांभाळ. कसं ते तुझं तू बघ.”

आई आणि आपण एका बाजूला असू, अशा समजुतीने वर्लीन आत आली होती. निवडलेला पाला तिने धुऊन दिला आणि ती बाहेर आली.

*

पाहुण्यांचे कोट हेस्टरच्या पलंगावर टाकायची पद्धत होती. कोट ठेवायचं निमित्त करून ओडेसाने वर्लीनला नि लॉनीला त्या खोलीत ओढलं. बाहेर थॅड आपल्या कोरिनला टेबल मांडायला लावत होता. बायको गेल्यापासून त्याची ही एकुलती एक लेकच त्याचं घर बघत होती. त्याचा आवाज भिंतीतून यायचा. हल्ली तो मोठ्याने बोलायचा, आणि सगळे म्हणायचे, थॅडला सुबत्ता मानवली.

ओडेसाने आडपडदा ठेवला नाही. क्लीव्हलंडचा एक खर्जवाला तिने विचारून ठेवला होता. बरा माणूस होता, दारू पीत नव्हता आणि मंगळवारी येऊ शकत होता.

“भावाचं प्रेत अजून उठलेलं नाही आणि तू शेजाऱ्याला त्याचे बूट देऊन मोकळी झालीस,” लॉनी म्हणाला.

ओडेसाला ते लागलं. ती वाईट होती असं या गोष्टीत कुणी समजू नये. ती पुढे उभी राहायची, दिवे तिच्या तोंडावर असायचे, आणि एखादा मेळ बिघडला की लोक तिच्याकडे बघायचे. शिवाय तिला ही रेकॉर्ड हवी होती. आयुष्यभर दुसऱ्यांच्या कार्यक्रमाआधी गाऊन तिचा जीव कंटाळला होता, आणि हे तिने त्या खोलीत सरळ कबूल केलं. “मला हवंय ते. तुम्हाला नकोय का? वर्लीन, तुला नकोय?”

हवं होतं. वर्लीनने मान हलवली आणि तिची तिलाच शरम वाटली.

मग त्याला सांगणार कोण, असा प्रश्न आला. लॉनी म्हणाला, मला जमणार नाही. थॅडने मला चालायला शिकवलंय, मी त्याच्या तोंडावर असलं बोलणार नाही. ओडेसा म्हणाली, कुणी बोलायचंच नाही. जेवणाआधी दरवर्षीप्रमाणे बाबांचं भजन म्हणायचं आहेच. दुसऱ्या कडव्यापाशी तो घसरतो. आपण घसरायचं नाही. तिघांनी जागा सोडायची नाही. त्याला स्वतःच्या कानाने ऐकू दे. तो थॅड आहे, त्याला कळेल, आणि कळलं की तो आपणहून बाजूला होईल.

वर्लीनला ते क्रूर वाटलं, आणि तरीही स्टुडिओपेक्षा बरं वाटलं. परक्यांच्या देखत माणसाची लाज जाण्यापेक्षा आपल्या माणसांत, आपल्या टेबलाशी गेलेली बरी, अशी तिने मनाची समजूत घातली. तिने फक्त एक अट घातली. तिघं म्हणजे तिघं. कुणीही मध्येच त्याच्यामागे जायचं नाही.

“बाबांची शपथ,” ओडेसा म्हणाली. लॉनीने कोटांच्या ढिगाकडे बघत मान डोलावली. धाकट्याला नेहमी वाटतं की मोठी माणसं ऐन वेळी काहीतरी करून सगळं थांबवतील, आणि तो छत्तीस वर्षांचा होऊनही त्याला तसंच वाटत होतं.

*

टेबलावर कोंबडी, कोलार्ड, मकरोनी, कॉर्नब्रेड, सगळं आलं. वाफा निघत होत्या. भजन झाल्याखेरीज कुणी हात लावायचा नाही हा नियम. थॅड बापाच्या खुर्चीशी उभा राहिला. दांडगा माणूस, पण उभा राहताना थोडा तिरका, उजवी बाजू पुढे करून. त्याने सगळ्यांकडे बघितलं आणि तो खरोखर आनंदात होता. बाबा असते तर मंगळवारी त्यांना स्टुडिओत समोर बसवलं असतं, असं तो म्हणाला. मग ओठ मिटून त्याने सूर धरला.

तो सूर अजूनही सुंदर होता. ते लिहायलाच हवं. जाड, उबदार, घराच्या पायासारखा. त्याच्यावर लॉनी आला, ओडेसा आली, आणि मधल्या जागेत वर्लीन शिरली. पहिलं कडवं चौघांनी असं म्हटलं की हेस्टरने डोळे मिटले. कोरिन दाराशी लिंबाच्या सरबताचा जग धरून उभी होती, ती हलायची थांबली.

दुसऱ्या कडव्याला थॅड उतरायला लागला.

तिघं उतरली नाहीत. वर्लीनच्या अंगातली प्रत्येक शीर तिला खाली ओढत होती. तिने पाय रोवले. मेळ आधी फिकट झाला, मग खरखरला, आणि कडव्याच्या शेवटी असा आंबला की कोरिनने तोंड वाकडं केलं. थॅडने हात वर केला. सगळे थांबले.

“कोण?” त्याने विचारलं.

ओडेसा त्याच्या चेहऱ्याकडे बघत होती. आता कळेल, आता कळेल, असं ती मनात म्हणत होती.

थॅडच्या कपाळावर आठ्या होत्या, पण काळजीच्या, रागाच्या नव्हेत. “बाबांच्या रीतीने बघू,” तो म्हणाला.

ही रीत तिघंही विसरली होती, इतक्या वर्षांत तिची गरजच पडली नव्हती. मेळ नासला की बाप खर्जाला उभं करायचा आणि एकेकाला त्याच्यासमोर आणायचा. हात हातात घ्यायचे, डोळ्यांत बघायचं, आणि दोघांनीच गायचं. ज्याचं खर्जाशी घासेल तो चुकलेला. खर्जाचीच परीक्षा घ्यायची रीत त्या घरात नव्हती. तशी वेळ येईल असं डीकनच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

ओडेसा पहिली. तिने त्याचे हात धरले आणि सूर लावला. ठाम लावला. थॅडचे तळवे जुन्या भाजल्याने गुळगुळीत झालेले होते, आणि ते तिने किती तरी दिवसांत धरले नव्हते. तो तिच्याकडे बघत होता, ती लहान असताना बघायचा तसा, भिऊ नकोस म्हणून. दुसऱ्या कडव्याला तो उतरला. ओडेसाने स्वतःचा आवाज त्याच्यामागे जाताना ऐकला. तिने जायचं ठरवलं नव्हतं. गळा आपणहून गेला, आणि खाली त्याच्याशी असा चपखल बसला की तिचे डोळे भरून आले.

“ओडेसा बरोबर आहे,” थॅड म्हणाला.

लॉनीने तर प्रयत्नही केला नाही. ओडेसा शपथ मोडून परत जागेवर बसलेली त्याने बघितली होती. तो थॅडचा हात धरून त्याच्याबरोबर खाली गेला, पोहणारा पाण्यात जातो तितक्या सहज.

“लॉनी बरोबर.”

मग वर्लीन उठली. तिलाही जाता आलं असतं. चौघं खाली गेली असती, जेवण झालं असतं, आणि मंगळवारी होलबर्गने करायचं ते केलं असतं. जाताना तिने लॉनीकडे बघितलं, त्याने नजर फिरवली. ती थॅडसमोर उभी राहिली, त्याचे हात धरले, आणि दुसऱ्या कडव्याला तो उतरला तेव्हा जागेवर राहिली. दोन सूर एकमेकांवर घासले. तो उघडा आवाज सबंध खोलीने ऐकला.

थॅडला कळलं का? हिलवर, म्हणजे त्यांच्या वस्तीत, यावर पुढे बरेच वाद झाले. मला विचाराल तर, क्षणभर कळलं. डाव्या कानात त्याला एक सूर ऐकू यायचा आणि उजव्यात दुसरा, हे त्याने कुणाला सांगितलं नव्हतं, पण स्वतःला सांगितल्यावाचून कसं राहणार? बहिणीचे हात धरून त्याने ते घासणं ऐकलं. मग त्याला आठवलं की ओडेसाशी जुळलं होतं, लॉनीशी जुळलं होतं. दोघांशी जुळलं, एकीशी नाही. बुडत्याला काडी सापडावी तशी ती बेरीज त्याला सापडली, आणि त्याने ती सोडली नाही.

“वर्लीन,” तो हळू आवाजात म्हणाला, “तूच आहेस गं.”

“मी नाही,” वर्लीन म्हणाली. “तू उतरतोस, थॅड. दोन वर्षं उतरतोयस. तुला नीट ऐकू येत नाही. मी झाकत होते, आता झाकता येणार नाही. मंगळवारी ते लोक तुला सगळ्यांदेखत सांगतील, म्हणून मी सांगतेय.”

कोंबडीवर सायीसारखा थर धरायला लागला होता. थॅडने तिचे हात सोडले नाहीत. त्याने मान वळवली, उजवी बाजू पुढे करून.

“ओडेसा?”

ओडेसाने आईकडे बघितलं. हेस्टरची नजर तिच्यावर होती, आणि त्या नजरेत विनंती नव्हती. “मी तर तुझ्याबरोबरच होते,” ओडेसा म्हणाली. शब्दाशब्दाने खरं होतं ते.

“लॉनी, कोट ठेवताना आपलं काय ठरलं?” वर्लीनने विचारलं.

लॉनी काट्याने टेबलक्लॉथवर रेघा ओढत होता. काही ठरलं नव्हतं, असं तो म्हणाला. आवाज इतका बारीक होता की थॅडला ऐकू गेला नसावा, पण त्याच्या मानेच्या हलण्यावरून थॅडला कळायचं ते कळलं.

मग हेस्टर उठली. तिने येऊन वर्लीनच्या खांद्यावर हात ठेवला. “दमलीय पोरगी,” ती सगळ्यांना म्हणाली. “गळ्याचं दुखणं घेऊन गातेय, मला स्वयंपाकघरातच बोलली. विश्रांती घे, बाळ. दुखऱ्या गळ्याने सूर वर चढतो कधी कधी.” हात प्रेमाचा होता. ही बाई एका लेकराला वाचवायला दुसऱ्याला ढकलत होती आणि ढकलताना दोघांसाठीही तिचं काळीज तुटत होतं. वर्लीनला ते कळत होतं, म्हणूनच तिच्याने हात झटकवेना.

“तू पण, आई,” एवढंच ती म्हणाली.

थॅडला आता दयाच आली होती. माणूस मुळात मोठ्या मनाचा. कुणी तुला काढत नाहीये, असं त्याने तिला समजावलं. या एका रेकॉर्डपुरतं. गळा बरा झाला की तुझी जागा तुझीच. तोवर कोरिन गाईल. पाळण्यात होती तेव्हापासून ऐकतेय, तिला सगळं पाठ आहे.

कोरिनने जग खाली ठेवला. एकोणीस वर्षांची पोर, गालांवर एकदम रक्त चढलं. ती आत्याकडे बघायला लागली, मग वडिलांकडे. ये, थॅड म्हणाला, आणि ती गेली.

वर्लीन भिंतीशी जाऊन उभी राहिली. भजन पहिल्यापासून सुरू झालं. दुसऱ्या कडव्याला थॅड उतरला आणि तिघं त्याच्याबरोबर उतरली, एका पायरीवर चार पावलं पडावीत तशी. कोरिन तर त्याच्या श्वासाबरोबर उतरत होती. ती बापाच्या सुरातच वाढली होती, दुसरा सूर तिला ठाऊकच नव्हता. मेळ कुठेही फाटला नाही. नऊ वर्षांची असल्यापासून वर्लीन या मेळाच्या आत होती आणि तो बाहेरून कसा ऐकू येतो ते तिने कधी ऐकलं नव्हतं. आता ऐकलं. फार सुंदर होतं. तिला रडू आलं ते अपमानाचं नव्हतं. एवढ्या सुंदर गोष्टीवर मंगळवारी ट्रंपेट वाजणार होते.

“आता बघा,” थॅड म्हणाला. त्याचा चेहरा उजळला होता. “आता कसं बसलं.” सगळे बसले आणि जेवायला लागले. ओडेसाने वर्लीनसाठी खुर्ची ओढली. आपली योजना फसली नाही, नुसती लांबली, हे एव्हाना ओडेसाच्या ध्यानात आलं होतं. मंगळवारी होलबर्गच बोलेल. घरातल्या कुणाचे हात त्यात असणार नाहीत. या विचाराने तिला बरं वाटलं आणि म्हणूनच घास गिळवेना.

वर्लीन बसली नाही. ती पलंगावरून आपला कोट घेऊन व्हरांड्यात आली. मागोमाग कोरिन आली, हातात फडक्याने झाकलेली ताटली. आजीने द्यायला सांगितलंय, असं म्हणाली. मग चुळबुळत उभी राहिली. तुझी जागा मी मागितली नव्हती, एवढं बोलायला तिला बराच वेळ लागला.

“ठाऊक आहे गं मला,” वर्लीनने ताटली घेतली. पोरीच्या गळपट्टीची वर आलेली शिवण तिने बोटाने आत सारली. सगळं सांगून टाकावं असं तिला वाटलं, पण सगळं तर तिने आत सांगूनच टाकलं होतं. “कोरिन, माझं एक ऐक. मंगळवारी बँड सुरू झाला की बाबांकडे बघायचं नाही.”

कोरिनला काही उमगेना. ती आठवून आठवून बघत होती, आजवर गाताना कुणी असं केलं होतं का.

“मग सूर कुणाचा घेऊ, आत्या?”

“त्या ट्रंपेटवाल्यांचा.”

कोरिन हसली. आत्या रागावलेली नाही, थट्टा करतेय, असं वाटून पोरीच्या जिवावरचं ओझं उतरलं. आतून थॅडची हाक आली, भिंतीच्या पार ऐकू जाईल अशी, आणि ती हसत हसत आत पळाली.